लाटसाहेब बरे आहेत

माझं तोंड फटकळ आहे, हे माहेरी, सासरी आणि शारजातल्या आमच्या बिल्डिंगच्या वॉचमनपर्यंत सगळ्यांना ठाऊक आहे. लिफ्ट बंद पडली की मेंटेनन्सवाल्याला झापायला मलाच पुढे करतात. पार्किंगमध्ये कुणी गाडी आडवी लावली की खाली मलाच पाठवतात. पण फोनवर वाईट बातमी सांगायची म्हटली की याच तोंडाला कुलूप लागतं. आणि हे माझ्या एकटीचं नाही. सोळा वर्षं झाली मला इथे येऊन. एवढ्या वर्षांत आपल्यातला एकही माणूस घरी फोनवर "मी बरा नाही" असं म्हणताना मी ऐकलेला नाही.

माझा नवरा दुबईत अल क्वोजमध्ये एका गोदामात स्टोअरकीपर आहे. मागे एकदा रॅकच्या शिडीवरून पडून त्याचा पाय मोडला. सात आठवडे प्लास्टर. सासूबाईंचा गुहागरहून फोन यायचा. "कसा आहेस रे?" "मजेत." "जेवलास?" "जेवलो." पाय उशीवर आणि हे मजेत! व्हिडिओ लाव म्हणाल्या की मी मोबाइल त्याच्या छातीच्या वर धरून उभी राहायची. आम्हाला यात कधी खोटं बोलल्यासारखं वाटलं नाही. एवढ्या लांबून म्हातारी करणार काय? उगाच जिवाला घोर.

हे आधी सांगितलं, कारण पुढे जे झालं ते याच खोडीमुळे झालं.

मी होम नर्स आहे. एजन्सी पाठवेल त्या घरी जायचं, सकाळी सात ते संध्याकाळी सात. शारजातल्या आमच्या अल नहदाहून पहाटेच निघावं लागतं, नाहीतर दुबईच्या बॉर्डरवरच्या ट्रॅफिकमध्ये अडकलात की खलास. एका थंडीत मला दुबईच्या जुमेरातल्या एका व्हिलात पाठवलं. पेशंट अठ्ठ्याऐंशी वर्षांचे इंग्रज गृहस्थ. हृदय थकलेलं, पायांवर सूज, छातीत पाणी साठायचं. हॉस्पिटलमध्ये परत जाणार नाही असं त्यांनी लिहून दिलेलं. घरात एक स्वयंपाकी आणि रात्रपाळीला एक केरळी सिस्टर, एवढीच माणसं. फाइलवर नावाआधी 'लॉर्ड' असं होतं. मला वाटलं, नावच असेल. आपल्याकडे नाही का पोरांची नावं कॅप्टन ठेवतात?

घरी येऊन सांगितलं तर नवरा खोखो हसला. "अगं, खराखुरा लाटसाहेब आहे तो! लहानपणी मी आंघोळीला गरम पाणी मागितलं की आजोबा म्हणायचे, मोठा लाटसाहेब लागून गेलास काय? आणि तू लाटसाहेबाला आंघोळ घालतेस!" तेव्हापासून आमच्या घरात त्यांना तेच नाव पडलं. मी दारात पाय ठेवला की नवरा विचारायचा, "काय म्हणतायत लाटसाहेब?" मी म्हणायची, "बरे आहेत."

पहिल्याच दिवशी ते मला म्हणाले, "सिस्टर, आजपासून इथली कमांड तुमच्याकडे, असं ऐकतो. मी याहून वाईट अधिकाऱ्यांच्या हाताखाली दिवस काढलेत."

मी म्हटलं, "सर, आधी गोळी घ्या. अधिकारी कसा आहे ते मग ठरवा."

त्यांनी गोळी घेतली आणि आमचं जमलं.

त्यांच्या पायांना रोज क्रीम चोळायला वीस मिनिटं लागायची. सुजेनं कातडी ताणून चकाकत असायची, जोर देऊन चालत नसे. त्या वीस मिनिटांत ते बोलायचे आणि मी ऐकायची. त्यांचं आयुष्य मला असं तुकड्यातुकड्यानं कळलं. सातव्या वर्षी त्यांना बोर्डिंगात टाकलं. आई स्टेशनवर सोडायला आली आणि निघताना तिनं त्यांच्याशी हात मिळवला.

"हात मिळवला? सात वर्षांच्या पोराशी?"

"तशी रीत होती."

"जळ्ळी मेली ती रीत!" मी मराठीतच म्हटलं. त्यांना अर्थ कळला असावा, कारण ते हसले आणि हसता हसता खोकले.

मग फौज. तरुण लेफ्टनंट असताना ते इथेच आले होते. तेव्हा इथे रस्ता नव्हता, झावळ्यांची घरं होती आणि विहिरीचं पाणी मचूळ होतं. इथल्या शिपायांबरोबर वाळूत झोपायचे, त्यांच्याकडून अरबी शिकले. अजूनही आंघोळीला उठवलं की "यल्ला, सिस्टर!", म्हणजे चला, असं म्हणून स्वतःच पाय खाली सोडायचे. डाव्या खांद्यापासून कोपरापर्यंत एक जुनी जखम शिवलेली होती. विचारलं तर म्हणाले, "थोडी गडबड झाली होती." मी नर्स आहे. ती कसली गडबड होती ते मला दिसत होतं.

वडील गेले आणि हे लॉर्ड झाले. चाळीस खोल्यांचं घर, स्वतःच्या मालकीची नदी, आणि त्यांच्या संसदेच्या वरच्या सभागृहात खुर्ची. मी विचारलं, "निवडून न येताच?"

"जन्माला येऊन," ते म्हणाले. "तेवढेच कष्ट घेतले."

काही वर्षं ते राज्यमंत्रीही होते. पुढे कायदा बदलला, वंशपरंपरेनं बसलेल्या बहुतेकांना घरी पाठवलं, त्यात हेही गेले. मग इथल्या एका कंपनीचे सल्लागार म्हणून आले आणि इथेच राहिले. इथलं ऊन मानवतं म्हणायचे. चाळीस खोल्यांच्या घरात आता पुतण्या राहतो. त्यांच्यानंतर लॉर्डही तोच होणार. त्यांना एकच मुलगी आहे, पण मुलीला त्यातलं काही मिळत नाही.

"का? मुलगी म्हणून?"

"मुलगी म्हणून."

"आणि आम्हाला सुधारणा शिकवायला आला होतात!"

ते म्हणाले, "सिस्टर, ही बरोबर लागली."

ही मुलगी म्हणजे साठीच्या जवळ आलेली बाई. लग्न केलेलं नाही. त्यांच्या देशाच्या उत्तरेला डोंगरात एकटी मेंढ्या पाळते. आठशे मेंढ्या. दोघांचं भांडण नव्हतं. भांडण असतं तर बरं झालं असतं, भांडण मिटवता तरी येतं. दोघं एकमेकांशी इतक्या गोडीनं बोलायची की ऐकणाऱ्याच्या अंगावर काटा यावा.

त्याचं कारण मला फेब्रुवारीत कळलं. मी पाय चोळत होते, आणि ते आपणहून बायकोबद्दल बोलायला लागले. बायको आजारी होती तेव्हा हे सभागृहात होते. कुठल्याशा ठरावावर मतदान होतं. नर्सिंग होममधून निरोप आला, 'त्या आरामात आहेत, घाई करण्यासारखं काही नाही.' हे परत जाऊन बसले. मत दिलं. ठराव पडायचा तो पडलाच. हे पोचले तेव्हा एकोणीस वर्षांची पोर आईच्या शेजारी एकटीच बसली होती, आणि आई जाऊन तीन तास झाले होते.

"ती मला म्हणाली, 'इट्स ऑल राइट, डॅडी.' त्यानंतर आजपर्यंत तिनं मला दुसरं काही म्हटलेलं नाही."

मी पाय चोळायची थांबले. ते म्हणाले, "मला तिला एक गोष्ट सांगायची आहे, सिस्टर. समोर बसून. फोनवर सांगण्यासारखी नाही."

"मग बोलवा की त्यांना."

"अजिबात नाही. आता वीण सुरू होईल, कोकरं जन्माला येतील. ती मेंढ्या सोडून कशी येणार?"

दर रविवारी इथल्या चार वाजता मुलीचा व्हिडिओ कॉल यायचा. तीनपासून आमची तयारी चालायची. दाढी, इस्त्रीचा शर्ट, गळ्यात रेशमी रुमाल. ऑक्सिजनची नळी दिवसरात्र नाकाला असायची. पहिल्याच रविवारी ते म्हणाले, "हे तेवढं काढा."

"सर, चालणार नाही."

"दहा मिनिटं. तिला घाबरवून काय मिळणार?"

आणि मी काढली. खरं सांगते, मला त्यात काही वावगं वाटलंच नाही. नवऱ्याचं प्लास्टर लपवलं होतं तसंच हे. नळी काढायची, घरघर करणारं मशीन बंद करून पडद्यामागे ढकलायचं, बोटाला ऑक्सिमीटर लावून तो हात टेबलाखाली ठेवायचा. मी बाजूला उभी राहून आकडा बघत राहायची. ब्याण्णव, नव्वद, अठ्ठ्याऐंशी. अठ्ठ्याऐंशी झाला की मी खाकरायची, आणि ते म्हणायचे, "चला, तुझ्या मेंढ्या वाट बघत असतील."

मुलगी विचारायची, "कसे आहात?" "उत्तम!" मग ती मला हाक मारायची, "सिस्टर, खरंच बरे आहेत ना?" मी वाकून कॅमेऱ्यात यायची आणि हसून म्हणायची, "सर इज फाइन, मॅडम. नो टेन्शन." कॉल संपला की पाचेक मिनिटं त्यांना बोलता यायचं नाही. मी पुन्हा नळी लावायची, पाठ चोळायची, आणि वहीत लिहायची. किती वाजता नळी काढली, कुणाच्या सांगण्यावरून, आकडा कितीवर गेला. वहीत मी कधी खोटं लिहिलेलं नाही. तशी मी कामात चोख आहे.

मार्चच्या शेवटी वजन वाढायला लागलं. खाणं चिमणीएवढं आणि आठवड्यात चार किलो वाढले, म्हणजे सगळं पाणी. एजन्सीचे डॉक्टर आले, छाती ऐकली, गोळ्या वाढवल्या. बाहेर येऊन मला म्हणाले, "फार दिवस नाहीत. एक आठवडा, दोन."

"मुलीला कळवता ना, डॉक्टर?"

"ते पूर्ण शुद्धीवर आहेत. सांगू नका म्हणतात. मी कसं सांगणार?"

एजन्सीच्या सुपरवायझर मॅडमना फोन केला. त्या म्हणाल्या, "सिस्टर, आप ओपिनियन मत दो. फॅमिली पूछे तो रीडिंग दो, बस." मी म्हटलं, फॅमिली विचारेल कशी? फॅमिलीला तर आम्ही सगळे मिळून 'उत्तम' सांगतोय. मॅडम म्हणाल्या, "रूल इज रूल." कप्पाळ तिचं! पण माझा व्हिसा त्याच एजन्सीचा.

मग मी त्यांनाच विचारलं. "सर, मॅडमना बोलवू? तुम्हाला काही सांगायचं आहे ना?"

ते खिडकीबाहेर बघत होते. म्हणाले, "वीण संपू दे." आणि मग, "तिला स्वतःहून यावंसं वाटलं, तर गोष्ट वेगळी."

याचा अर्थ मला समजला. कुठल्याही म्हाताऱ्या माणसाच्या तोंडून तो मला समजला असता. बोलवा असंच ते म्हणत होते.

त्या रविवारी संध्याकाळी घरी आले, कुकर लावला आणि नवऱ्याला सगळं सांगितलं. व्हिसा गेला खड्ड्यात, आपण मुलीला मेसेज पाठवायचा, असं आमचं ठरलं. दोघं सोफ्यावर बसलो. मी लिहिलं, 'सर इज क्रिटिकल.'

नवरा म्हणाला, "क्रिटिकल काय लिहितेस? डोंगरात एकटी राहते बाई. तिथेच कोसळेल."

खोडलं. लिहिलं, 'सर इज सीरियस.'

"सीरियस? अगं, आपल्याकडे सीरियस कळवतात म्हणजे माणूस गेलेला असतो."

तेही खोडलं. आमची मुलगी बारा वर्षांची आहे, इथेच जन्मली, आम्ही मराठीत विचारतो आणि ती इंग्रजीत उत्तर देते. अभ्यासातून मान वर करून ती म्हणाली, "मम्मा, जस्ट टेल हर ही इज डाइंग."

"गप बस! असं कुणी सांगतं का?"

"देन हाउ विल शी नो?"

मी तिला आत पाठवलं. तिला काय सांगू? कसं कळतं ते आम्हाला बरोबर कळतं. माझे वडील गेले तेव्हा भावाचा फोन आला होता. "बाबांना जरा बरं नाहीये गं. जमलं तर येऊन जा." बस, एवढंच. मी फोन ठेवला आणि कपाटावरची बॅग खाली काढली. विमानात सगळा वेळ रडत गेले. विमानतळावर चुलतभाऊ घ्यायला आला होता, तो काही बोलला नाही, मीही विचारलं नाही. 'जमलं तर' म्हटलं की आमच्याकडे सगळं सांगून झालेलं असतं.

शेवटी तेच लिहिलं. 'मॅडम, या आठवड्यात सरांची तब्येत जरा नरम आहे. जमलं तर एकदा येऊन जा. काळजी करू नका.' सगळं इंग्रजीत, व्यवस्थित. नवऱ्यानं दोनदा वाचून बघितलं. म्हणाला, "आता बरोबर झालं. निघेल ती."

सकाळी उत्तर आलं. ओल्या कोकराचा फोटो, आणि खाली, 'कळवल्याबद्दल मनापासून आभार! आता वीण ऐन भरात आहे. मेच्या पहिल्या आठवड्याचं तिकीट काढलं आहे. डॅडींना सांगू नका, अचानक येऊन चकित करायचंय.'

मी बसमध्ये तो मेसेज चार वेळा वाचला. एप्रिल नुकताच लागला होता.

व्हिलात पोचले तर ते अंथरुणातून उठले नव्हते. ओठ निळसर. माझ्याकडे बघून म्हणाले, "काही बातमी?" मला राहवलं नाही. मी म्हटलं, "मॅडम येणार आहेत, सर."

"कधी?"

आता काय सांगायचं? मे म्हणायचं? मी म्हटलं, "लवकरच."

तो चेहरा मी विसरू शकत नाही. त्यांनी लगेच खुर्ची खिडकीशी लावायला सांगितली, जिथून गेट दिसतं. रुमाल मागितला. आणि तिथपासून सुरू झालं, "गाडी आली का?" दर दहा मिनिटांनी. आधी शुद्धीत विचारत होते, मंगळवारी संध्याकाळपासून भ्रमात. कधी त्यांना वाटायचं ती शाळेतून सुट्टीसाठी येतेय. कधी मलाच हुकूम सोडायचे, गेट उघडं ठेवा, ड्रायव्हरला चहा द्या. "गाडी आली का, सिस्टर?" मी म्हणायची, "येईल, सर." दुसरं काय म्हणणार?

मंगळवारी दुपारी मी आणखी एक मेसेज केला. 'सर तुमची फार आठवण काढतायत.' आमच्याकडे आजारी माणूस कुणाची आठवण काढतोय असा निरोप गेला, तर तो माणूस हातातलं ताट टाकून निघतो. उत्तरात लाल बदाम आला. 'मीही काढते. माझ्या वतीनं त्यांना मिठी मारा.' मी मिठी कसली मारणार? मी त्यांच्या डोक्यावरून हात फिरवला. त्यांनी डोळे उघडून पुन्हा गेटकडे बघितलं.

बुधवारी मात्र मी ठरवलं. आता सरळ फोन करायचा आणि आमची पोरगी म्हणाली तसंच सांगायचं. ही इज डाइंग, मॅडम. स्वयंपाकघरात उभी राहून मी ते वाक्य तीन-चार वेळा म्हणून बघितलं. स्वयंपाकी माझ्याकडे बघत राहिला. त्यांच्याकडे सकाळ होती. तिनं फोन उचलला. गोठ्यात होती, कोपरापर्यंत हात भरलेले, कपाळावर केस चिकटलेले, मागे मेंढ्यांचा कालवा. रात्रभर झोपली नव्हती. पण मला बघून हसली. "सिस्टर! कसे आहेत ते?"

आणि मी तोंड उघडलं, आणि माझ्या तोंडातून आलं, "फाइन, मॅडम. लिटल वीक, दॅट्स ऑल."

देवाशप्पथ सांगते, मी ते म्हणायचं ठरवलं नव्हतं. ते आपोआप आलं. सोळा वर्षं रोज घासून गुळगुळीत झालेलं वाक्य. ती "थँक गॉड" म्हणाली, कुणीतरी तिला हाक मारली आणि फोन बंद झाला. परत लावला तर उचलला नाही. नंतर नेटवर्क नाही सांगायला लागला. आतून हाक आली, "गाडी आली का?"

माझ्या तोंडाला त्या दिवशी मी काय काय शिव्या घातल्या ते इथे लिहीत नाही.

गुरुवारी सकाळी मी पोचायच्या आधीच श्वास लागला होता. त्यांनी लिहून दिलेलं होतं, पण रात्रीची सिस्टर घाबरली आणि तिनं अॅम्ब्युलन्स बोलावली. तिच्या जागी मी असते तरी बोलावली असती. मी बरोबर गेले. मास्कच्या आतून ते काहीतरी सांगत होते, मी कान नेला, पण मशीनच्या आवाजात कळलं नाही. हॉस्पिटलमध्ये काउंटरवर विचारलं, "पेशंटचे कोण?" मी म्हटलं, "होम नर्स." "फॅमिली?" "फॅमिली इथे नाही." मग मला बाहेर बसायला सांगितलं. काचेच्या दाराबाहेर प्लास्टिकच्या खुर्चीत बसले. त्यांचा चष्मा माझ्या पर्समध्ये राहिला होता. तो तेवढा आत द्या म्हणून मी दोनदा उठून सांगितलं. दुपारी तीनच्या सुमाराला एक डॉक्टर बाहेर आले, इकडेतिकडे बघितलं, फॅमिलीचं कुणी दिसेना, तेव्हा मलाच सांगितलं. मुलीला हॉस्पिटलनंच कळवलं. त्यांना ते एका वाक्यात जमलं.

शुक्रवारी दुपारी सुपरवायझर मॅडमनी सांगितलं, मुलगी व्हिलात आली आहे, जाऊन उरलेली औषधं आणि फाइल सोपवून ये. मी गेले. कॅमेऱ्यात दिसायची त्यापेक्षा ती उंच होती, आणि बापासारखीच ताठ. मेंढ्या शेजाऱ्यावर सोपवून आली होती. तिनं माझ्याशी हात मिळवला. मला बसायला सांगितलं, आणि वही उघडली.

तिनं पहिल्या पानापासून वाचलं. वजन, सूज, लघवी, ऑक्सिजन. मी समोर बसून होते. एका पानावर तिचं बोट थांबलं. रविवार, चार वाजता. पेशंटच्या सांगण्यावरून व्हिडिओ कॉलसाठी नळी काढली. चार दहाला परत लावली. ऑक्सिजन अठ्ठ्याऐंशी. मग तिनं भराभर पानं उलटली. प्रत्येक रविवारी तेच.

"तुम्ही ती काढत होतात."

"सरांनी सांगितलं, मॅडम."

तिनं मोबाइल काढून माझा मेसेज माझ्यासमोर धरला. आवाज चढवला नाही. "तुम्ही 'जमलं तर' असं लिहिलंत."

"आमच्याकडे असंच कळवतात. कळवलं की माणूस निघतो."

"मी निघायला हवं होतं, हे मला कळायला हवं होतं?"

आमच्याकडच्या असतात तर कळलं असतं, असं म्हणू? मी म्हटलं, "नाही मॅडम. मी सांगायला हवं होतं."

तिनं मोबाइल उलटा ठेवला. म्हणाली, "आमच्याकडेही असंच सांगतात. आईच्या वेळी मीच सांगितलं होतं नर्सना, डॅडींना घाई करू नका म्हणून कळवा. ते कामात होते. मला वाटलं, तरीही ते येतील."

हे त्यांना माहीत नव्हतं. चाळीस वर्षं त्या माणसाला माहीत नव्हतं की तो निरोप त्या पोरीचा होता. मला तिथल्या तिथे उठून आतल्या खोलीत जाऊन त्यांना सांगावंसं वाटलं, आणि आतली खोली तर रिकामी होती.

मग तिनं विचारलं, "त्यांनी माझ्याबद्दल विचारलं का?"

इथे मला खोटं बोलता आलं असतं. शांत गेले, काही त्रास झाला नाही, असं आपण म्हणतोच, आणि ऐकणाऱ्यालाही तेच हवं असतं. जिभेवर आलंच होतं. पण मी तिला सगळं सांगितलं. सोमवारपासून, मॅडम. दर दहा मिनिटांनी. गाडी आली का म्हणून. गेट उघडं ठेवायला सांगत होते. त्यांना तुम्हाला काहीतरी सांगायचं होतं, समोर बसून.

"काय?"

"ते मला सांगितलं नाही. मी विचारलंही नाही."

आमच्या गावात अशा वेळी बायका येऊन बसतात, पोटाशी धरतात, रडायला लावतात. ती एवढी थोरली बाई बापाच्या खुर्चीत हात मांडीवर ठेवून बसलेली, आणि मला तिला हात लावायची हिंमत होईना. ती रडली असती तर मी काहीतरी केलं असतं. ती म्हणाली, "थँक यू, सिस्टर." शिवी दिली असती तर मी निमूट घेतली असती. या थँक यूचं काय करायचं ते मला आजही कळलेलं नाही.

मी औषधांची पिशवी टेबलावर ठेवली, चष्मा त्याच्या शेजारी ठेवला आणि उठले. ती खिडकीकडे बघत होती.

"रोज विमान आहे," ती म्हणाली. "सात तास लागतात."

मी म्हटलं, "हो, मॅडम."